मक्याच्या खिरीचा प्रसाद

मक्याच्या पिठाची घट्ट खीर केली, वर डाळिंबाचे दाणे पसरले. नैवेद्याची म्हणून चाखली नाही, आणि सर्दीनं नाक गच्च होतं. आमच्या लिंगायत घरात ताटात प्रसाद उरू देत नाहीत. सासऱ्यांनी घाम पुसत खीर संपवली, ताट धुऊन ते पाणीही प्यायले. मग मी पळी चाटली आणि हादरलेच! दालचिनीची पूड समजून मी चमचाभर काळा मसाला घातला होता. जीभ पेटली.

"मामा, सांगायचं तरी!" मी ओरडलेच.

"पयल्याच घासाला कळलं की," ते डोळे पुसत म्हणाले. "पर प्रसाद हाय. पातेल्यात अजून लई उरलाय. आता तुजं ताट घे."