लाल चिंधीची पाटी

भाग्या गेल्याचं मला कुणी सांगितलं नाही, ते मी मोबाइलवर पाहिलं. पालघरला कॉलेजच्या कॅन्टीनमध्ये दुपारी चहा घेत बसले होते आणि गावातल्या एका मुलाच्या स्टेटसवर तिचा फोटो आला. भोवती काळी चौकट, खाली 'भावपूर्ण श्रद्धांजली', दोन्ही बाजूंना पणत्या. फोटो माझ्या ओळखीचा होता. नारळी पौर्णिमेला धक्क्यावर काढलेला, आम्हा दोघींचा. त्यातून मला कापून टाकलं होतं. तिच्या डाव्या खांद्यावर फक्त चार बोटं उरली होती, ती माझी. आता जे लिहिते आहे ते लिहावं की नाही याचा मी तीन आठवडे विचार केला... पण त्या क्षणी माझ्या मनात सगळ्यात आधी आलं ते असं : इथेही तीच, मी नाहीच. रडू त्यानंतर आलं. आईचा फोन तर त्याच्याही नंतर आला.

भाग्या म्हणजे भाग्यश्री, माझ्या काकांची मुलगी, माझ्याहून दोन महिन्यांनी मोठी. तारापूरच्या बाजूला किनाऱ्यावर आमचं गाव आहे, आमची दोन घरं एका भिंतीला लागून. काकांची बोट आहे. काकी आणि भाग्या मासे सुकवायच्या आणि बोईसरच्या बाजारात बसून विकायच्या. भाग्याला डेंग्यू झाला, दवाखान्यात नेलं आणि पाचव्या दिवशी ती गेली. तिसऱ्या दिवशी मी भेटायला गेले होते. हाताला सलाईन, ओठ सुकलेले, तरी मला म्हणाली, "सोने, परीक्षा हाय ना तुजी? जा तू. मी काय कुटं पलतंय?" शेजारच्या खाटेवरच्या आजी माझ्या आईला म्हणाल्या, "गुणाची पोर आहे हो." दोन दिवसांची ओळख, आणि त्यांनाही ते कळलं होतं. मी मनात म्हटलं, झालं, इथेही सुरू झालं.

मला तिचा हेवा वाटायचा. हे वाक्य लिहायला मला फार वेळ लागला. लोकांना वाटायचं की उलट असेल. आमच्या घराण्यात बारावीच्या पुढे गेलेली मी पहिलीच. भाग्यानं बारावीनंतर वह्या बांधून माळ्यावर टाकल्या. "मना पुस्तक उगडलं का झोप येते," म्हणायची. मला वाटलं होतं, आता तरी मी पुढे. पण आमच्या घरात कॉलेजचं कौतुक पाहुण्यांपुढे व्हायचं आणि भाग्याचं पाहुणे गेल्यावर. आई म्हणायची, "तू शिकलीस ते बरा झाला. पन भाग्याची नियत साफ हाय." नियत. या शब्दापुढे माझे मार्क काहीच नव्हते. मार्क वाढवता येतात, अभ्यास केला की वाढतात. नियत कुठून वाढवायची, हे मला कुणी शिकवलं नव्हतं.

बाजारात तिच्यापुढे दोन पाट्या असायच्या. एकीत चांगला माल, दुसरीत डावा. दिवाळीनंतर पहाटे दव पडतं. वलांडीवर, म्हणजे बांबूच्या उभ्या-आडव्या मांडवावर, टांगलेले बोंबील कधीकधी त्यात भिजतात. पुन्हा उन्हात वाळतात, दिसायला ठीक दिसतात, पण आठवडाभरात लाल पडतात आणि वास मारतात. असा माल सगळेच चांगल्यात मिसळून विकतात. भाग्या तो वेगळ्या पाटीत ठेवायची आणि त्या पाटीच्या कानाला लाल चिंधी बांधायची. चिंधी काकांच्या बोटीच्या जुन्या बावट्याची होती. गिऱ्हाइकानं विचारायच्या आधीच सांगायची, "चिंधीवाला दवातला हाय, आजच्या आज खायचा असेल तरच घ्या." शेजारच्या बायका टर उडवायच्या. "अगो भाग्या, धोक्याचा बावटा लावलास, गिराईक लांबूनच पलतंय!" ती हसायची. "पलू दे गो. परत तर येतंय ना?" एखादा कंपनीतला कामगार विचारायचा, "ये सस्ता क्यूं है?" तर तिचं ठरलेलं हिंदी : "भैया, थोडा खराब है. सच्ची में." 'सच्ची में' इतक्या आनंदानं म्हणायची की तो माणूसही हसायचा आणि बऱ्याचदा तेच घेऊन जायचा.

मी सुट्टीच्या दिवशी कधीतरी बसायचे तिथे. दोन वर्षांपूर्वीच्या थंडीत एकदा भाग्याला आधार कार्डाच्या कामासाठी जायचं होतं, काकीला ताप होता. मी म्हटलं, मी बसते. त्या दिवशी मला एकच हवं होतं... संध्याकाळी पाट्या रिकाम्या दिसाव्यात आणि काकीनं म्हणावं, बघ, सोनलला पण जमतंय. दुपारी एक चष्मेवाल्या काकू आल्या, अणुऊर्जा प्रकल्पाच्या कॉलनीत राहणाऱ्या, बोलण्यावरून विदर्भाकडच्या. म्हणाल्या, "मुलगी बेंगळुरूला चालली आहे, तिच्याबरोबर द्यायचे आहेत. महिनाभर टिकले पाहिजेत बरं का." चांगल्या पाटीत थोडेच उरले होते. मी खाली वाकले, दुसऱ्या पाटीची चिंधी सोडली, मुठीत धरली आणि त्यातले बांधून दिले. वर म्हटलं, "कालच वलांडीवरून उतरवलेत."

भाग्या आली तेव्हा दोन्ही पाट्या रिकाम्या होत्या. तिनं आधी त्यांच्याकडे पाहिलं, मग विचारलं, "चिंदी कुटं हाय?"

"पडली असेल."

तिनं माझ्या हाताकडे पाहिलं. मी अजून मूठ मिटूनच होते. इतका वेळ चिंधी धरून ठेवली होती हे माझ्या लक्षातच आलं नव्हतं. ती ओरडली असती तर बरं झालं असतं, मी पण ओरडले असते. तिनं फक्त विचारलं, "कोनला दिलंस?"

संध्याकाळी आम्ही कॉलनीच्या गेटवर. तिच्या हातात चांगल्या बोंबलांची पिशवी. काकूंचं नाव माहीत नाही, इमारत माहीत नाही. वॉचमन म्हणाला, "क्या बेचना है? अंदर अलाऊ नहीं है."

"बेचना नहीं भैया, वापस लेना है."

"क्या वापस?"

"मच्छी."

त्यानं आतल्या दुसऱ्या वॉचमनला हाक मारली. "अरे सुन, ये मच्छी वापस लेने आई है!" दोघं खो खो हसले. मी लाजेनं मरत होते. तिला म्हटलं, चल ना, एवढं काय, कुणाला कळणार आहे. ती म्हणाली, "तुला आनि मला कललंय ना." त्या दिवशी काकू भेटल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी ती पुन्हा गेली, आणि मी पण गेले. का गेले, ते मला आजही नीट सांगता येत नाही. कदाचित ती एकटीच चांगली ठरली असती, तर ते मला सहन झालं नसतं. त्या संध्याकाळी काकू फिरायला बाहेर आल्या. भाग्या पुढे झाली. "काकू, काल नेलेत ते दवातले हाय. टिकायचे नाय. हे घ्या."

काकूंनी चष्म्यातून तिच्याकडे आणि मग माझ्याकडे पाहिलं. "पण काल तू नव्हतीस. ही होती."

"पाटी आमचीच हाय ना, काकू," भाग्या म्हणाली.

तेव्हापासून काकू दर पंधरा दिवसांनी यायच्या आणि भाग्याकडूनच घ्यायच्या. तिनं दिलेलं न बघता पिशवीत टाकायच्या. मी बसलेली असले की आधी विचारायच्या, "ती नाही आली?" आणि मग एकेक बोंबील नाकाशी नेऊन वास घेऊन निवडायच्या. त्यांचं बरोबरच होतं. तरी मला राग यायचा, तो काकूंचा नाही, भाग्याचा.

आता जे सांगायचं आहे ते याहून वाईट आहे. गेल्या वर्षी आम्हाला नीतिशास्त्राचा पेपर होता. सद्गुण म्हणजे एखादं मोठं कृत्य नव्हे, ती सवय असते, असं आमच्या मॅडमनी शिकवलं. मग लिहून आणायला सांगितलं : तुमच्या आयुष्यातला एक प्रसंग, ज्यात तुम्हाला सद्गुणाचा अर्थ कळला. मी गेटचा प्रसंग लिहिला. वॉचमन लिहिला, पिशवी लिहिली, 'वापस लेना है' लिहिलं. फक्त सगळीकडे 'मी' लिहिलं. चिंधी सोडणारी एक चुलत बहीण होती आणि गेटवर उभी राहिलेली मी. लिहिताना मला इतकं छान वाटत होतं की मध्येच माझे डोळे भरून आले. मॅडमनी तो निबंध वर्गात वाचून दाखवला. मुलींनी टाळ्या वाजवल्या. तो एक तास मी भाग्या होते. कसं असतं ते मला कळलं... आणि घरी आल्यावर भिंतीपलीकडून तिचं हसू ऐकू आलं तेव्हा मला तिच्याशी बोलवेना. चूक माझी आणि अबोला तिच्याशी, जवळजवळ महिनाभर. तिनं कारण विचारलं नाही. रोज वाटीतून काहीतरी पाठवत राहिली.

ती गेल्यावर आठवड्यानं मी कॉलेजला गेले. मॅडमनी बाजूला बोलावलं, पाठीवर हात ठेवला. म्हणाल्या, "तुझी बहीण मला माहीत होती, सोनल. बोईसरला बाजारात भेटले होते मी तिला, गेल्या वर्षी." मॅडम सहज गेल्या होत्या, दोन पाट्या आणि लाल चिंधी पाहून त्यांना निबंध आठवला. त्यांनी भाग्याला विचारलं, "मासे परत घ्यायला कॉलनीच्या गेटवर उभी राहिली होती, ती तुझी बहीण ना?" भाग्या जरा थांबली म्हणे. मग म्हणाली, "आमी दोगी होतो, मॅडम."

मी घरी येईपर्यंत त्या वाक्याला धरून होते. म्हणजे तिला माहीत होतं. निबंधात मी काय केलं असेल हे तिला त्या एका प्रश्नातून कळलं असणार, ती काही भोळी नव्हती. ती मला उघडं पाडू शकली असती. खोटं सांगून मला वाचवू शकली असती, आणि तसं केलं असतं तर मला जरा बरं वाटलं असतं, की चला, ही पण खोटं बोलली. पण तिनं दोन्ही केलं नाही. तिनं खरंच सांगितलं, आणि त्या खऱ्यात मला जागा करून दिली. आम्ही दोघी होतोच ना गेटवर. आमच्याकडे बोंबील सुकवायला टाकताना दोघांचे जबडे एकमेकांत अडकवतात आणि जोडी दोरीवर टांगतात. एकटा राहत नाही, खाली पडतो. लहानपणी आम्ही दोघी ते करायचो, काटे बोटांत घुसायचे. तिनं मला तसं अडकवून घेतलं होतं आणि मला सांगितलंही नव्हतं. मेल्यावरही माणसाचा हेवा वाटू शकतो, हे मला त्या दिवशी कळलं.

दुसऱ्या दिवशी मी मॅडमना सगळं सांगितलं. चिंधी कुणी सोडली होती, तेही. मला वाटलं रागावतील, किंवा निदान म्हणतील, सांगितलंस हे चांगलं केलंस. त्यांनी दोन्ही केलं नाही. म्हणाल्या, "माझ्या वर्गात तिच्या नावानं वाजायच्या टाळ्या राहून गेल्या." म्हणून हे लिहिते आहे. हे लिहिल्यानं मी चांगली झाले असं मला वाटत नाही. कबूल करणं एकदाच करायचं असतं. तिचं रोजचं होतं.

काकी अजून बाजारात बसू शकत नाही, म्हणून गेले दोन रविवार मी बसते. चिंधी भाग्याच्या खणात होती, धुऊन घडी घातलेली. ती रोज संध्याकाळी धुवायची हे मला माहीत नव्हतं. पहिल्या रविवारी पाटीला बांधताना माझी गाठ दोनदा सुटली. शेजारची बाई म्हणाली, "आवलून बांद गो, तिच्यासारकी," आणि पदर डोळ्यांना लावला. गेल्या रविवारी चष्मेवाल्या काकू आल्या. नेहमीसारखं म्हणाल्या, "ती नाही आली?"

त्यांना माहीत नव्हतं. मी सांगितलं. त्या हातातली पिशवी तशीच धरून उभ्या राहिल्या, मग शेजारच्या बाईनं पुढे केलेल्या पाटावर बसल्या. उठताना त्यांनी विचारलं, "द्यायला आहेत का काही?" मी म्हटलं, "हे चांगले आहेत. चिंधीवाले दवातले आहेत." त्यांनी चिंधीकडे पाहिलं, मग चांगल्या पाटीतला एक बोंबील उचलला आणि नाकाशी नेला. भाग्याकडून घेताना त्यांनी कधी वास घेतला नव्हता. त्या मध्येच थांबल्या, अवघडल्या, बोंबील पिशवीत टाकायला निघाल्या.

"नको काकू," मी म्हटलं. "बघूनच घ्या."