बावखलाखालचे घुमे

आमच्या वाडीतल्या बावखलाखाली गुहा आहेत आणि त्यांत घुमे राहतात, हे मला शाळेत जायच्या आधीपासून ठाऊक होतं. बावखल म्हणजे वाडीतलं तळं. पावसाचं पाणी त्यात साठतं, हळूहळू मुरतं, आणि शेजारची विहीर गोडी राहते. घुमे कसे असतात हे मात्र फक्त काकांना माहीत होतं. काका म्हणजे माझ्या वडिलांचे थोरले भाऊ. केळी आणि सोनचाफा लावण्यात त्यांचा जन्म गेला. त्यांच्या सांगण्याप्रमाणे घुमा वांग्याएवढा, आंधळा आणि गुळगुळीत. गाण्याखेरीज त्याला दुसरा उद्योग नाही. प्रत्येकाला एकच सूर येतो, त्यामुळे एक जरी रुसला तरी सगळ्यांचं गाणं अडतं. एकत्र कुटुंबात राहणाऱ्या माणसाला हे सुचलं यात नवल नाही.

घुम्यांपायी घरात नियमही होते. बावखलाच्या काठावर धावायचं नाही, कारण वर धपधप झाली की ते बेसूर होतात. पंप सुरू करण्याआधी दगडाने पाइप वाजवायचा आणि थोडं थांबायचं, म्हणजे तोंडाशी बसलेले बाजूला सरकतात. माझे वडील बँकेत होते, भुताखेतांची भरपूर टिंगल करायचे, आणि पाइप वाजवल्याशिवाय पंपाला हात लावत नसत. काका स्वतः मात्र कधी वाजवायचे नाहीत. त्यांची घरची ओळख असणार, असं आम्ही धरून चाललो होतो.

शेजारच्या वाडीत बोअर मारली आणि काही वर्षांत तिचं पाणी खारट झालं. काका म्हणाले, वरून भोसकलं की घुमे रडणारच. पुढे कॉलेजात समुद्राचं पाणी जमिनीत कसं शिरतं ते मी शिकले. परीक्षेत तेच लिहिलं, पण मनातून काकांचंच पटलेलं होतं.

लग्न होऊन मी मनवेलपाड्यात आले. इथे पाणी टँकरने येतं. टँकरखाली कोणी राहत नाही, त्यामुळे गाण्याची जबाबदारी सोसायटीच्या बायकांवर पडते, आणि पाणी कमी आलं की ती त्या चोख पार पाडतात.

गेल्या हिवाळ्यात चुलतभावाचा फोन आला. हा काकांचा एकुलता मुलगा, इंजिनिअर. वाडीत केळी लावण्यापेक्षा लग्नं लावणं बरं, असं त्याच्या मनाने घेतलं होतं. लॉन तयार होतं, पण गाड्यांना जागा नव्हती. बावखल बुजवलं की ती होणार होती. "ताई, बाबा तुझं ऐकतात," तो म्हणाला. माहेरचं इतकं प्रेमाचं बोलावणं मला बऱ्याच वर्षांनी आलं होतं.

काका विहिरीचं, पाण्याचं बोलतील, भांडतील, अशा तयारीने मी गेले. ते ओट्यावर चाफ्याची फुलं टोपलीत रचत बसले होते. मान वर न करता म्हणाले, घालू दे माती, उद्या जमीन त्याचीच आहे. उभा जन्म ज्या पाण्यावर काढला ते त्यांनी असं सोडून दिलं. काहीतरी बोलायचं म्हणून मी विचारलं, "आणि घुमे?"

"कसले घुमे? तुम्ही पोरं पाण्यात पडू नये म्हणून मीच बनवले होते ते."

दारात उभ्या भावाचा चेहरा उतरला. डोक्यावरचे निम्मे केस पिकलेला हा माणूस बापाशी वाद घालायला लागला. घुमे नव्हते तर इतकी वर्षं पाइप कशाला वाजवायला लावला? काका म्हणाले, पाइपात बेडूक बसतात. मग दोघांची अशी जुंपली की विचारू नका. ज्याला बावखल बुजवायचं होतं तो सांगत होता खाली कोणीतरी आहे, आणि ज्याचा जीव त्यात अडकला होता तो सांगत होता कोणी नाही. समजूत कोणाची घालावी, हे मला कळेना.

सकाळी मातीचा डंपर आला आणि मागे सरकत काठाशी लागला. भावाने हात वर करून तो थांबवला. पंपापाशी गेला, दगड उचलला आणि पाइप वाजवला.

"साहेब, नीचे कोई है क्या?" डंपरवाल्याने विचारलं.

भावाने त्याला इंजिन बंद करायला लावलं. आम्ही ऐकत उभे राहिलो. पलीकडच्या बिल्डिंगची मोटर ऐकू आली, पाववाल्याचा भोंगा ऐकू आला. खालून काही नाही. काका ओट्यावर आमच्याकडे पाठ करून बसले होते. भावाने तिकडे पाहिलं आणि हळू आवाजात म्हणाला, "ताई, एक जरी रुसला तरी गाणं अडतं ना?"

मी हो म्हटलं.

ती माती शेवटी रस्त्यावरच्या खड्ड्यांत गेली. गावात समाजसेवक म्हणून भावाचं नाव झालं, आणि लग्नाचे पाहुणे अजून गाड्या रस्त्यावर लावून आम्हाला शिव्या देतात.

त्या संध्याकाळी काका पंप सुरू करायला गेले. मी मागच्या दारातून बघत होते. त्यांनी खाली वाकून दगड उचलला, पाइप वाजवला आणि कान देऊन उभे राहिले. बेडकांसाठी कोणी एवढा वेळ थांबत नाही.