सकीनाआपाच्या हातची भवानी

वेसाव्याच्या सरूबाईची जीभ तिच्या कोयत्याहून धारदार, असं मासळीबाजारात म्हणत आणि ते खोटं नव्हतं. पण सकाळची भवानी, म्हणजे पहिली विक्री, तिला सकीनाआपाच्याच हातची लागे. आपा यारी रोडला राहणारी, मूळची रत्नागिरीकडची. पापलेटचे कल्ले उचलून म्हणायची, "सरू, परवाचं देतेस काय गं?" मग सरूबाई तिचा उद्धार करायची आणि भाव उतरायचा. वर्षानुवर्षं हे भांडण चाललं होतं. त्याशिवाय दोघींनाही सकाळ झाल्यासारखं वाटत नसे.

अलीकडे ऑर्डरी व्हॉट्सॲपवर येत. ते सरूबाईच्या मुलाच्या, चंदरच्या लॅपटॉपवरही उघडं असे. चंदर लग्नाला आलेला घोडा, पण गेमचं वेड सुटेना. आणि विकत कोण घेतो? फुकट ते पौष्टिक! कुठल्याशा साइटवरून त्याने गेम उतरवला. अँटिव्हायरस बंद करा, असं तिथे लिहिलं होतं, याने केला. गेम चढताना पडद्यावर मुसलमानांना शिव्या देणारं एक घाणेरडं चित्र आलं. चंदरने ते वाचलं आणि ‘नेक्स्ट’ दाबलं.

दुसऱ्या दिवशी तेच चित्र सरूबाईच्या नावाने सगळ्या गिऱ्हाइकांना गेलं. आपालाही.

"तू हे आधी बघितलं होतंस ना रं?" चित्र बघून चंदर दचकला नाही, तसं सरूबाईने विचारलं.

"फुकटच्या गेममध्ये असतं गं तसलं. कोण लक्ष देतं? व्हायरसनं पाठवलं, मी नाय."

"आपाला दिलेली शिवी तुला दिसली, नि तू तसाच फुडं गेलास?"

चंदरने लॅपटॉप मिटला.

सरूबाई तशीच आपाच्या दारात गेली, रडली, हात जोडले. "व्हायरस होता, कळलं गं मला," आपा म्हणाली. तिने चहाही दिला. सरूबाई तो अर्धा ठेवून उठली.

दुसऱ्या सकाळी सरूबाई पाटी मांडून बसली. गिऱ्हाइकं आली, त्यांना म्हणाली, "थांबा, भवानी नाय झाली अजून." गिऱ्हाइकं कंटाळून पुढच्या पाटीवर गेली. बर्फ वितळत चालला. उन्हं चढली तेव्हा कुठे आपा येताना दिसली आणि सरूबाईचा जीव भांड्यात पडला. भांडण चांगलं रंगावं म्हणून तिने मुद्दाम दुप्पट भाव सांगितला.

आपाने कल्ले उचलले नाहीत. सांगितले तेवढे पैसे सरूबाईच्या हातावर ठेवले, पिशवी उचलली आणि "येते" म्हणून निघाली.

भवानीच्या नोटा कपाळाला लावतात. सरूबाई त्या मुठीत धरून नुसती बसून राहिली.