लग्नाच्या शूटिंगवाल्याची कॅसेट

नव्वदच्या दशकात सांगलीत परफॉर्मन्स आर्ट म्हणजे काय, हे सांगून सांगून माझं तोंड दुखायचं. "नाटक का?" नाही. "मग नाच?" नाही हो! शेवटी एक हॉल भाड्याने घेतला आणि करूनच दाखवायचं ठरवलं. आईच्या जुन्या साड्या फाडून केलेल्या पट्ट्या पायांपासून अंगाला गुंडाळत जायच्या आणि शेवटी चेहराही झाकून घ्यायचा, एवढंच. व्हिडिओसाठी पलूसचा लग्नाचा शूटिंगवाला आणला. त्याला बजावलं, कॅमेरा माझ्यावरून हलता कामा नये.

वडील गावाहून एसटीने आले आणि पहिल्या रांगेत, कॅमेऱ्याशेजारी बसले. माझ्या कामाबद्दल ते कधी चकार शब्द काढत नसत.

दुसऱ्या दिवशी शूटिंगवाल्याच्या दुकानात कॅसेट लावली आणि माझं डोकंच फिरलं. पट्टी माझ्या डोळ्यांवर आली, तसा कॅमेरा वडिलांकडे वळला होता आणि शेवटपर्यंत तिथेच राहिला होता. माझा सगळा शेवट गेला! मी त्याला चांगलंच फैलावर घेतलं.

तो शांतपणे म्हणाला, "ताई, पोरगी दिसंनाशी झाली की कॅमेरा बापावर न्यायचा. पाठवणीला आमी असंच करतो."

मी तणतणत कॅसेट रिवाइंड केली आणि या वेळी आवाज वाढवला. पडद्यावर वडील हातातली टोपी चुरगळत शेजारच्या माणसाकडे झुकले होते. हळूच विचारत होते, "आवं, तिला आत श्वास घेता येतोय न्हवं?"