डॉर्कस पिनॉकच्या वाट्याला आलेला नवरा

डॉर्कस पिनॉक ब्रिस्टलच्या बाजारातून चीजचा अख्खा गोळा घागऱ्याखाली बांधून निघाली, तेव्हा ती सुखरूप घरी पोचलीही असती. पोटुशा बाईला कोण अडवतं? पण चढावर तिला दम लागला आणि ती एका पायरीवर टेकली. आसपासच्या बायका भल्या निघाल्या, हेच तिचं दुर्दैव. कोणी पाणी आणलं, कोणी वारा घातला, एकीनं धावत जाऊन सुईण आणली. सुईणीनं भर रस्त्यात बाळंतपण उरकलं. झालेलं मूल गोल होतं, फडक्यात गुंडाळलेलं होतं आणि त्याच्या पाठीवर दुकानदाराचा शिक्का होता. न्यायाधीशाला म्हणे हसू आवरेना. पण हसता हसता सात वर्षांची काळ्या पाण्याची सजा सुनावायला तो विसरला नाही.

अशी ही बाई 'लेडी मार्जोरी' जहाजावर चढली. जहाज न्यू साउथ वेल्सला निघालेलं. तिथे काय आहे, हे जहाजावर कोणालाच ठाऊक नव्हतं, कप्तानालाही नाही. जहाजाच्या पोटात मधोमध फळ्यांची भिंत घातली होती. अलीकडे बायका, पलीकडे पुरुष. भिंत मजबूत होती असं कप्तान शेवटपर्यंत सांगत राहिला. त्या भिंतीला इंग्लंडचा किनारा दिसेनासा होण्याआधीच एक भोक पडलं होतं, आणि ते कोणी पाडलं यावर आजही आमच्या वसाहतीत दोन म्हाताऱ्या एकमेकींशी बोलत नाहीत. दोघींचंही म्हणणं, "मी पाडलं."

जहाजावर सहा-सहा जणींची पंगत असे. प्रत्येक पंगतीला खारवलेल्या मांसाचा एक गठ्ठा मिळायचा. त्यात निम्मी हाडं, उरलेल्यात निम्मं चामडं. भांडणं होऊ नयेत म्हणून खलाशांची एक जुनी रीत होती, तीच बायकांनी उचलली. एकीनं मांस कापायचं. दुसरीनं पाठ फिरवून बसायचं. कापणारी सुरीचं टोक एका तुकड्यावर ठेवून विचारायची, "हा कोणाचा?" पाठमोरीनं मनात येईल ते नाव घ्यायचं. तिला तुकडा दिसत नाही आणि कापणारीला नाव ठरवता येत नाही. मग लबाडी कुठून होणार?

डॉर्कसच्या पंगतीत कापायचं काम डॉर्कसकडे आलं. पाठमोरी बसायचं काम केझाया ट्रबशॉकडे. केझाया उंच, हडकुळी, आणि तिचा चेहरा असा की बघणाऱ्याला आपणच काही पाप केल्यासारखं वाटावं. त्या चेहऱ्याच्या जोरावर तिनं गावच्या प्रार्थनामंदिरातले चांदीची मेणबत्तीदानं वर्षभर एकेक करून लांबवली होती. आणि प्रत्येक वेळी चोर सापडावा म्हणून प्रार्थनाही तिनंच म्हटली होती.

आता या दोघी एका पंगतीत आल्यावर लबाडी कुठून होणार, असं विचारणं म्हणजे मांजराला दुधाची वाट विचारण्यासारखं. डॉर्कसला बारमाही सर्दी. चरबीदार, बिनहाडाचा तुकडा आला की ती आधी नाक ओढायची आणि मग विचारायची, "हा कोणाचा?" नाक ऐकलं की केझाया एक दिवस म्हणायची, "डॉर्कसचा," आणि पुढच्या खेपेला, "माझा." पाळी ठरलेली. त्या ओल्या अंधारात सगळ्याच बायका नाक ओढत असत, त्यामुळे कोणाला कधी संशय आला नाही. पंगतीतली थर्झा नावाची खिसेकापू पोरगी एवढंच म्हणायची, "या दोन म्हाताऱ्यांचं नशीब बघा. देव लठ्ठांना देतो आणि सुकडीलाही देतो, मधल्यांनाच विसरतो."

"प्रार्थना करत जा," केझाया म्हणायची.

जहाज आफ्रिकेच्या टोकाला लागलं. मेंढ्या चढल्या, गवत चढलं आणि त्याच्याबरोबर एक अफवाही चढली. उलट दिशेनं आलेल्या एका जहाजावरच्या खलाशानं सांगितलं होतं की वसाहतीत लग्न लावणाऱ्या बायकांना नवऱ्याबरोबर झोपडी मिळते आणि एकट्या बायकांना तिथून पुढे आणखी एका बेटावर धाडतात. बेट कसलं, समुद्रातला एक दगड. वर झाडं, खाली खडक, उतरायला धक्का नाही, आणि बोट आली तर आली.

डॉर्कस मोठी धीट बाई, पण हे ऐकून तिच्या तोंडचं पाणी पळालं. तिला माणसं लागायची. बाजाराच्या तोंडाशी जन्मलेली ती. गलका नसेल तिथे तिला झोप येत नसे. दगडावर बसून समुद्राकडे बघत मरायचं? त्यापेक्षा फासावर लटकलेलं बरं, तिथे निदान गर्दी तरी असते. तिनं ठरवलं, उतरल्याबरोबर लग्न. आणि नवराही तिनं ठरवला होता. भिंतीपलीकडचा अँब्रोज गॉसेट. धंद्यानं पाववाला, अंगानं भरलेला, गालावर खळी. भोकातून त्याचा एक डोळा आणि अर्धी खळी दिसायची. डॉर्कसला तेवढं पुरेसं होतं. वसाहतीत काहीही होवो, पाववाल्याची बायको उपाशी मरत नाही.

अडचण एवढीच की त्या अर्ध्या खळीवर पंगतीतल्या चौघींचा डोळा होता. बाकीच्या दोघींनी खलाशी गाठले होते, त्यांना चिंता नव्हती. चौघींची झोंबाझोंबी झाली, थर्झाच्या केसांची एक बट गेली, डॉर्कसच्या गालावर नखं उमटली. शेवटी केझायाच म्हणाली, "भांडता कशाला? मांस वाटतो तसं वाटून घेऊ."

पलीकडे विचारणा झाली. चार पुरुष तयार असल्याचं कळलं आणि भोकातून चार बटणं आली. पाववाल्याचं पितळी, सुताराचं लाकडी, शिंप्याचं शिंपल्याचं, आणि चौथं एक पिवळं पडलेलं हाडाचं बटण. ते सायलस क्वेनेलचं. सायलस लंडनच्या गोदामांतून उंदीर पकडायचा. मालकाच्या गोदामातून उंदरांबरोबर साखरही बाहेर नेल्यामुळे तो इथे आला होता. बोलायचा कमी, आणि त्याच्याजवळ बसलं की उंदराचा वास येतो, असं थर्झा सांगायची. कधी जवळ बसली होती, ते मात्र सांगायची नाही.

वाटणीच्या सकाळी डॉर्कसनं केझायाला कोपऱ्यात घेतलं.

"पितळी बटणाला मी नाक ओढीन."

"ओढ की," केझाया म्हणाली.

"नीट ओढीन."

"अगं ओढ, मला ऐकू येतं."

डॉर्कस निर्धास्त झाली. इथेच तिची चूक झाली. असल्या व्यवहारात मुरलेल्या बाईकडून असली चूक व्हावी म्हणजे कमालच.

बटणं मांडली. केझाया पाठ फिरवून बसली. डॉर्कसनं शिंपल्याच्या बटणावर सुरी ठेवली. "हा कोणाचा?"

"थर्झाचा."

शिंपी थर्झाला गेला. मग डॉर्कसनं पितळी बटणावर सुरी टेकली आणि असं नाक ओढलं की वरच्या मजल्यावरचा पहारेकरी खाली वाकला. "हा कोणाचा?"

केझाया जराही थांबली नाही. "माझा," ती म्हणाली.

डॉर्कसची सुरी तशीच बटणावर राहिली. तोंड उघडलं, पण बोलणार काय? की बायांनो, ही लबाड आहे, मी नाक ओढलं होतं? इतके महिने चरबी खाल्लेल्या दोघींना त्या बायकांनी मेंढ्यांच्या गवतात पुरलं असतं. तोंड दाबून बुक्क्यांचा मार तो हाच. सुतार चौथीला गेला आणि ताटात हाडाचं बटण उरलं.

"उरलेलं कापणारीचं," थर्झा म्हणाली. "रीतच आहे ती. लग्नाला मांजर आणू का आहेरात?"

दुपारी डॉर्कसनं केझायाला गाठलं. "सटवे. नाक ओढलं होतं मी."

"ऐकलं ना. म्हणून तर घेतला."

"तो माझा होता."

"रविवारचं मांस कोणी खाल्लं? तू. मग पुढची पाळी कोणाची?"

"ते मांस होतं गं."

"मांस वेगळं आणि नवरा वेगळा, असं आधी बोलली होतीस का? नाही. मग पाळी ती पाळी. मी काय लबाड आहे का?" आणि हे म्हणताना केझायाचा चेहरा असा होता की डॉर्कसलाच क्षणभर वाटलं, आपणच काहीतरी चोरलंय.

त्या दिवसापासून दोघींचं बोलणं बंद. तरी मांस रोज यायचंच. डॉर्कस कापायची, केझाया पाठ फिरवायची, चांगल्या तुकड्याला नाक वाजायचं आणि पाळी चुकायची नाही. भांडण भांडणाच्या जागी, व्यवहार व्यवहाराच्या जागी.

जहाज एकदाचं वसाहतीच्या खाडीत शिरलं. तंबू, चिखलाच्या भिंती, लाल डगल्यातले घामाघूम शिपाई, आणि एका झाडाखाली पुस्तक धरून उभे असलेले पाद्रीबाबा. अफवा खरी होती; बेटावर जाणारी बोट खाडीतच उभी होती. जोड्या रांगेत लागल्या. केझाया अँब्रोजच्या दंडाला धरून पुढे गेली, जणू प्रार्थनामंदिरातलं मेणबत्तीदान घेऊनच निघाली होती. डॉर्कस सायलसला शोधत गेली. तो एका पेटीवर बसून डगला आवळून धरत होता.

"अहो क्वेनेल, चला. रांग लांबतेय."

"कसली रांग?"

"लग्नाची. तुमचं बटण माझ्या वाट्याला आलंय."

सायलसनं तिच्याकडे नीट पाहिलं. "मी कधी दिलं बटण? झोपलो होतो, तेव्हा त्या पाववाल्यानं कापून घेतलं. त्यांना चार पाहिजे होती म्हणे. तेव्हापासून छातीत वारा शिरतोय."

डॉर्कसनं बोटीकडे पाहिलं. मग त्याच्याकडे पाहिलं. म्हणजे हाही हातचा चालला. "बरं, मग आता सांगते ते ऐका. मला तुम्ही नको होतात. मला पाववाला पाहिजे होता. पण मी त्या बेटावर जायची नाही. मला लग्न करायचंय आणि तुम्ही मोकळे आहात. तुम्हांला काय करायचंय बोला."

सायलसनं डगला आणखी आवळला. "बटण तर मला पाहिजेच."

"ते मी शिवून देईन."

"आत्ता?"

"लग्न लागल्यावर."

"मग चालेल," सायलस म्हणाला आणि पेटीवरून उठला.

पदरात पडलं आणि पवित्र झालं. झोपडी मिळाली. सायलसला कामही भरपूर मिळालं, कारण वसाहतीत माणसांच्या आधी उंदरांनी बस्तान बसवलं होतं. कोठाराचे कारकून त्याला वाकून नमस्कार करायचे. वास म्हणाल तर तो होता. पण तिथे अंघोळ कोण करत होतं? डॉर्कसला शेजार मिळाला, गलका मिळाला, भांडायला रोज नवी माणसं मिळाली. तिचं घोडं गंगेत न्हालं, असं तिनं स्वतःच चारचौघांत जाहीर केलं.

आणि मग हुकूम निघाला. बेटावर पीठ पोचलं होतं, भट्टी बांधली होती, पण पाव करणारा कोणी नव्हता. अँब्रोज गॉसेटनं पुढच्या बोटीनं बायकोसह जावं.

ही बातमी डॉर्कसला ओढ्यावर कळली. समोर केझाया कपडे धूत होती. गावभर हशा पिकला होता. डॉर्कसनंही हसायला हवं होतं. हसायची तयारी करूनच ती गेली होती.

"जातेस म्हणे," ती म्हणाली. इतक्या महिन्यांतला तिचा तो पहिला शब्द.

"जाते," केझाया म्हणाली आणि सदरा पिळला. "बदलायचा का नवरा?"

डॉर्कसनं खरोखर विचार केला. "घोरतो का?"

"भट्टीसारखा."

"मग नको. माझा गप्प असतो."

केझायानं बादली उचलली. चेहरा नेहमीसारखाच, पण पाठ फिरवून गेली ती जरा लवकरच गेली.

त्या दिवशी सायलसला कोठारातून कांगारूचं मांस मिळालं होतं. डॉर्कसनं शिजवलं, कापलं आणि सुरी एका तुकड्यावर टेकवून सवयीनं थांबली. सायलस म्हणाला, "मोठा तू घे. मला छोटा पुरे."

तिनं घेतला. चरबीदार होता, मऊ होता. अर्धा खाऊन तिनं ताट बाजूला सारलं.

"काय झालं? खारट झालंय?"

"चव नाही. मागायच्या आधीच हातावर ठेवलेल्या तुकड्याला कसली आलीय चव? तुमच्याशी कोणी लबाडी करायची तरी कशी? तुम्ही करूच देत नाही."

सायलसला यातलं काही कळलं नाही. पण तिनं शाल घेतली, तेव्हा तोही मागोमाग उठला. दोघं सरकारी कचेरीत गेली. कारकुनानं तिचं ऐकून कान चोळले. "बाई, बेटावर जायचं नाही म्हणून लोक माझ्या पाया पडतात. जायचंय म्हणून आलेली तूच पहिली."

"मग लिहा पहिलं नाव."

"आणि नवऱ्याचं काय म्हणणं?"

सायलसनं डोकं खाजवलं. "तिथे उंदीर आहेत का?"

"पीक फस्त करतात."

"मग माझं काही म्हणणं नाही."

वसाहतीत याची चर्चा अजून होते. डॉर्कस पिनॉक त्या खळीपायी गेली, हे थर्झानं ज्याला त्याला सांगितलं, आणि शिंप्याच्या बायकोचं कोण ऐकत नाही? लोकांनी काय समजायचं ते समजावं. बोट सुटायच्या वेळी डॉर्कस गाठोडं डोक्यावर घेऊन कमरेएवढ्या पाण्यातून येताना दिसली, मागे सायलस, हातात पिंजरे. केझाया आधीच बोटीत बसली होती. तिनं वरून खाली पाहिलं.

"तू कशाला आलीस?"

"तुझा नवरा पळवायला."

"बरं," केझाया म्हणाली आणि बाजूला सरकली. "मग इकडे बस. तिकडे पाणी उडतं."