तांबोळी सरांच्या वह्या आणि माझी एक यादी

अमीन तांबोळी सरांची आणि माझी पहिली भेट भांडगावच्या एसटी थांब्यावर झाली. मी गणिताचा नवा शिक्षक म्हणून शाळेत रुजू व्हायला निघालो होतो आणि गाडीचा पत्ता नव्हता. शेजारी एक सडपातळ गृहस्थ खिशातल्या छोट्या वहीत काहीतरी टिपत उभे होते. मी वैतागून म्हणालो, "ही गाडी कायमच उशिरा येत असेल." त्यांनी वहीची चार पानं उलटली आणि शांतपणे सांगितलं, "कायम नाही. सोमवारी आणि शनिवारी उशिरा येते. मंगळवारी वेळेवर असते." असा माणूस आपल्याच शाळेत विज्ञान शिकवतो हे कळल्यावर मी मनात म्हटलं, कठीण आहे.

सर यंदा साठ वर्षांचे झाले. गौरवग्रंथाच्या समितीने मला सरांच्या 'शैक्षणिक कार्यावर' लिहायला सांगितलं आहे. समितीतले सगळे आमचेच विद्यार्थी असल्याने त्यांनी विषयही नेमून दिला आणि शब्दमर्यादाही. विषयाला धरूनच लिहीन. मात्र त्यात एक गोष्ट अशी येणार आहे जी समितीला ठाऊक नाही.

सरांच्या पाटसच्या घरात बाहेरच्या खोलीत पुस्तकांचं एक कपाट आहे. त्यातला एक अख्खा कप्पा शाळेविषयीच्या आणि नोंदींविषयीच्या पुस्तकांचा. मुलांची गुणांवरून प्रतवारी करून तुकड्या पाडाव्यात की पाडू नयेत इथपासून माणसाने स्वतःच्या सवयींवर नजर कशी ठेवावी इथपर्यंत. पुण्याला गेले की रस्त्यावरच्या जुन्या पुस्तकवाल्याकडून ते अशी पुस्तकं हुडकून आणत. प्रत्येक पुस्तकात एक कागदाची पट्टी असते. नेणाऱ्याने आपण कुठल्या पानापर्यंत पोचलो ते तिच्यावर लिहायचं आणि मगच पुस्तक परत करायचं. माझ्या पट्ट्यांवर बहुतेक ठिकाणी वीस-पंचवीसच्या आतलेच आकडे आहेत. सरांनी त्यावरून मला कधी टोकलं नाही. पुढच्या वेळी फक्त पातळ पुस्तक काढून दिलं.

पुढे सरांनी स्वतःही दोन पुस्तकं लिहिली. 'रोज एक खूण' हे सवयींवरचं आणि 'क तुकडीची बाकं' हे शाळेवरचं. दुसरं पुस्तक आज तालुक्यातले शिक्षक एकमेकांना वाचायला देतात. ते कसं जन्माला आलं ते मी जवळून पाहिलं आहे. जवळून म्हणजे किती, ते आता सांगतो.

आमच्या शाळेत आठवीत आलेल्या मुलांची जूनमध्ये चाचणी घेऊन अ, ब, क अशा तुकड्या पाडत. पुढे नववीत क तुकडीला सोपं, सामान्य गणित दिलं जाई. ते घेऊन दहावी झालेल्याला विज्ञान शाखेची वाट बंद. म्हणजे तेरा वर्षांच्या पोराचं पुढचं आयुष्य एका सकाळच्या पेपरावर ठरायचं, आणि मी त्या पद्धतीचा मोठा कैवारी होतो. यादी मीच करत असे आणि तपासून सही करायचं काम तांबोळी सरांकडे असे.

एका वर्षी वाड्यावस्त्यांवरच्या अकरा मुलांचे शाळा सोडल्याचे दाखले उशिरा आले. ती दाखल झाली तेव्हा चाचणी होऊन गेली होती. मुख्याध्यापक म्हणाले, "सध्या क मध्ये बसवा, सहामाहीनंतर चाचणी घेऊन ठरवू." मी कच्च्या यादीत त्या अकरा नावांपुढे पेन्सिलीने 'ता.' असं लिहिलं. ता. म्हणजे तात्पुरते. मग पक्की यादी केली. माझं अक्षर चांगलं, त्यामुळे ऑफिसची पक्की यादी मीच करायचो. आणि पक्की यादी करताना पेन्सिलीतलं काही उतरवायचं नाही, शाईतलं तेवढंच घ्यायचं, ही आमच्या ऑफिसची जुनी रीत. मी रीत पाळली. सरांनी पक्की यादी तपासली, तिच्यात एकही खाडाखोड नव्हती, सही केली. सहामाही आली आणि गेली. ती अकरा मुलं तात्पुरती होती हे शाळेतलं कुणालाही आठवलं नाही, मलासुद्धा नाही.

ती मुलं नववीत गेली तेव्हा त्यांना विज्ञान शिकवायला सर आले. त्या दिवसांत त्यांनी कुठल्याशा पुस्तकात वाचून एक उद्योग आरंभला होता. वर्गाच्या बाकांचा नकाशा काढायचा आणि आपण ज्याला प्रश्न विचारला त्याच्या जागेवर तास संपल्यावर टिंब द्यायचं. महिनाभराने त्यांनी तो नकाशा मला दाखवला. सगळी टिंबं पुढच्या दोन बाकांवर. "कदम, मला वाटत होतं मी सगळ्या वर्गाला शिकवतो," ते म्हणाले. त्यांचा चेहरा खरोखर उतरला होता. मला मात्र हसू आलं होतं.

दुसऱ्या दिवसापासून ते शेवटच्या बाकापासून विचारायला लागले. तिथे मंगल नावाची मुलगी बसायची, खुटबावच्या बाजूच्या वस्तीवरची. सरांनी विचारलं, रस उकळला की कढईतलं वजन कमी होतं, ते जातं कुठं? मंगल उठून म्हणाली, "वाफंत जातं सर. आमच्या गुऱ्हाळावर बघते की मी. कढई भरून रस घातला तरी गूळ तळालाच निघतो. पाऊस पडल्याला ऊस आसला तर आजून कमी." वस्तीवरच्या आणखी दोघातिघांनीही अशीच उत्तरं दिली. सरांनी नावं टिपली आणि त्यांच्या ध्यानात आलं की ही सगळी उशिरा दाखल झालेली मुलं आहेत. मग त्यांनी ऑफिसच्या कपाटातून दीड वर्षापूर्वीची कच्ची यादी शोधून काढली.

दुपारच्या सुट्टीत त्यांनी मला प्रयोगशाळेत बोलावलं. टेबलावर दोन्ही याद्या शेजारी शेजारी ठेवलेल्या. ते एवढंच म्हणाले, "अक्षर तुमचंच ना, कदम? फार सुरेख आहे."

चूक माझी होती हे मला तिथेच कळलं. पण चूक कबूल करायच्या ऐवजी मी चिडलो. म्हणालो, "ती पोरं आहेत तिथंच बरी आहेत. उगीच वर ओढाल आणि नापास कराल." सरांनी वाद घातला नाही. "चाचणी घेऊ. पेपर तुम्हीच काढा, आणि सोपा काढू नका." मी ईर्षेने कठीण काढला. अकरापैकी सात जण पास झाले. मंगलने एक गणित मी कधी शिकवलं नव्हतं अशा रीतीने सोडवलं होतं आणि उत्तर बरोबर होतं. मी तो पेपर तीनदा तपासला. तिसऱ्यांदा तपासताना मला स्वतःचीच शरम वाटली.

मग मंगलच्या वडिलांना बोलावलं. आम्ही त्यांना यादीत चूक झाल्याचं सांगितलं. ते टोपी हातात घेऊन उभे होते. म्हणाले, "पोरगी हुशार हाय का न्हाई ते मला कसं कळावं? तुमी म्हनला क मंदी बसवा, बसवली. तवाच म्हनला आसता अ मंदी, तर तितं बसवली आसती." बोलण्यात राग नव्हता. रागावले असते तर मला बरं वाटलं असतं.

सातही मुलांचं गणित बदलायला मुख्याध्यापक तयार झाले, पण चूक कुणाची ते त्यांना लेखी हवं होतं. मी रात्रभर विचार करून सकाळी शाळेत आलो, तर सरांनी आधीच लिहून दिलेलं: यादी तपासण्याची जबाबदारी माझी होती, माझ्या नजरेतून सुटलं. त्यांना ठपक्याचं ज्ञापन मिळालं. त्याच वर्षी पर्यवेक्षकाची जागा निघाली. सेवेने सर ज्येष्ठ होते, पण ज्ञापनामुळे त्यांचं नाव मागे पडलं आणि ती जागा मला मिळाली. मी ती घेतली. सत्काराला पहिला हार सरांनीच घातला.

त्या सात मुलांचं राहिलेलं गणित मी रोज सकाळी शाळेआधी शिकवलं आणि मे महिन्यात सरांच्या पडवीत. सरांच्या पत्नी, आमच्या भाभी, सगळ्यांना चहा-बटर देत, मला साखर कमी. सातपैकी पाच दहावीला गणितात चांगल्या गुणांनी निघाले. एक जेमतेम सुटला, एक नापास झाला. तो आता ट्रॅक्टरचं गॅरेज चालवतो आणि दिसला की म्हणतो, "सर, क मंदीच ठिवला आसता तर पास झालो आसतो की." मंगल एका साखर कारखान्याच्या प्रयोगशाळेत केमिस्ट आहे. पुढच्या वर्षापासून आमच्या शाळेने तुकड्या गुणांवरून पाडणं सोडलं. त्यासाठी सरांनी सभेत भाषण केलं नाही, आपला टिंबांचा नकाशा तेवढा सगळ्यांपुढे ठेवला.

माणूस म्हणून सर कसे आहेत याचा एक प्रसंग सांगतो. काही वर्षांनी माझी बदली शिरूरला झाली. तिथे माझी पत्नी अंथरुणाला खिळली, तेव्हा सर दर गुरुवारी चौफुल्याला गाडी बदलून येत. तासभर बसत, तिला पेपर वाचून दाखवत. एकदा त्यांच्या वहीत मला दर गुरुवारपुढे 'कदमांकडे' असं लिहिलेलं आणि खूण केलेली दिसली. मला राग आला. म्हणालो, "आमची विचारपूस म्हणजे तुमच्या यादीतलं काम का?" सर म्हणाले, "मनात ठेवलेलं राहून जातं, कदम. तुम्हाला तर माहीत आहे." इतक्या वर्षांत त्या यादीचा उल्लेख त्यांनी माझ्यापाशी केला तो एवढाच. पत्नी बरी झाली. तेव्हापासून गुरुवारी सरांच्या आठवणीने चहा एक कप जास्त टाकायची तिला सवय लागली, ती आजही आहे.

'क तुकडीची बाकं' या पुस्तकात सरांनी ही सगळी हकीकत लिहिली आहे. तिथे वाक्य आहे: "माझ्या हातून अकरा मुलांची यादी चुकली." हजारदा मनात आलं की जाऊन सांगावं, सर, हे वाक्य काढा. मनातच ठेवलं, आणि ते राहून गेलं. समितीने लेख मागितला तेव्हा ठरवलं की हार-तुरे इतर लोक घालतील, आपण हे लिहावं. पर्यवेक्षक म्हणून मी जी बारा वर्षं खुर्चीत बसलो ती खुर्ची तांबोळी सरांची होती. हे मंगलला, तिच्या वडिलांना आणि तुम्हा सर्वांना आज कळावं.

सर, तुमची प्रकृती ठणठणीत राहो. भाभींच्या हातचा चहा आणि सकाळचं चालणं चुकू नये, आणि वह्या भरत राहाव्यात. तुमची शंभरी झाली की वह्यांसाठी दुसरं कपाट मी करून देईन. बदल्यात एक मागणं आहे. पुस्तकाची नवी आवृत्ती निघते आहे असं ऐकलं. त्या वाक्यातलं 'माझ्या' खोडा आणि तिथे 'कदमांच्या' असं लिहा. पक्क्या प्रतीत उतरायला हवं, म्हणून शाईने लिहा.