हाक एक, बापू दोन

आमच्या मामेसासऱ्यांइतका निरुपद्रवी माणूस अख्ख्या सिंधुदुर्गात शोधून सापडायचा नाही, आणि त्यांच्या निरुपद्रवीपणाचा आम्हा नातेवाइकांना जेवढा उपद्रव झाला आहे, तेवढा एखाद्या दारुड्या मामेसासऱ्याचाही झाला नसता. दारुड्याला निदान सकाळी पश्चात्ताप होतो. आमच्या थोरल्या मामांना सकाळी तत्त्व सुचतं. पंचा नेसून, काठी टेकत, कुणावर हात न उगारता साहेबाला परत बोटीत बसवणारे जे बापू, ते यांचं दैवत. बापू गेले त्याच सुमाराला मामा जन्मले. 'ते गेले आणि हे माझ्या वाट्याक इले,' असा इतिहास मामी सांगते. गोल चष्मा, हातात काठी, अंगात स्वतः धुतलेला आणि स्वतःच धुतल्याचं दिसणारा सदरा, असे मामा आचऱ्याला समुद्राची गाज ऐकत राहतात आणि बापूंच्या पावलावर पाऊल टाकत चालतात. पाऊल मालवणी असल्यामुळे वाट जरा वळसे घेते, एवढंच.

उदाहरणार्थ सूत. मामांनी चरख्याला उभ्या जन्मात हात लावला नाही. "हय कापूस खंय पिकता?" ते विचारतात. "आपल्याकडे माड. बापू हय जल्मले असते तर सुंभच वळीत बसले असते." म्हणून मामा नारळाच्या काथ्याचा सुंभ वळतात. रोज, नेमाने, मांडीवर तळहात घासून. हा सुंभ पुढे जातो कुठे, असा प्रश्न ज्याला पडतो तो आमच्या नात्यातला नाही. लग्न, मुंज, बारसं, वास्तुशांत, मामांचा आहेर एकच: एक भेंडोळं सुंभ. जामसंड्याला आमच्या माळ्यावर इतका सुंभ आहे की मनात आणलं तर देवगडचा किल्ला ओढून मालवणात नेता येईल. मी स्कूटर घेतली तेव्हाही त्यांनी भेंडोळं दिलं. "बंद पडली तर ओढूक," म्हणाले. मी मनातून रागावलो होतो. पुढे स्कूटर मिठबावच्या चढावर बंद पडली आणि एका टेम्पोने ती कशाने बांधून ओढली, हे मी घरात कोणाला सांगितलेलं नाही.

मासे त्यांनी ऐन तारुण्यात सोडले. आचऱ्यात राहून मासे सोडणं म्हणजे गवयाच्या घरात राहून कान बंद करण्यासारखं आहे. आम्ही जेवायला बसलो की मामा आमच्याकडे पाठ करून, भिंतीकडे तोंड करून डाळभात जेवतात आणि मान न वळवता म्हणतात, "बांगड्याक आज तिरफळां वायच कमी पडली." ती खरोखरच कमी पडलेली असतात. सोमवारी त्यांचं मौन. त्या दिवशी जुन्या लग्नपत्रिकांच्या पाठकोऱ्या बाजूवर चिठ्ठ्या लिहून कारभार चालतो. 'कढीत मीठ नाही' अशी चिठ्ठी मामीपुढे सरकली की मामी ती लांब धरते, जवळ धरते आणि म्हणते, "चष्मो गावणा नाय. मंगळवारी सांगा." एकदा दुधासाठी त्यांनी शेळी पाळली. बापूंच्या चरित्राचं त्यांचं एकुलतं एक पुस्तक होतं, त्याची शेवटची दोन प्रकरणं त्या शेळीने खाल्ली. दुसरी प्रत आणून देतो म्हटलं, तर नको म्हणाले. "माझ्या पुस्तकात बापू अजून चालतत. चालांदेत."

चालण्याचं तर विचारूच नका. आमच्या लग्नाला ते आचऱ्याहून जामसंड्याला चालत निघाले. वाटेत प्रत्येक ओळखीच्या घरी चहा घ्यावा लागला, आणि मामांना अनोळखी घर नाही. पोचले तेव्हा मांडववाले बांबू सोडत होते. मी सोवळ्यातून नुकताच माणसांत आलो होतो. सासऱ्यांनी ओळख करून दिली, "हे जावयबापू." मी वाकलो. मामांनी मला नीट न्याहाळलं. माझ्या पोटाने तेव्हाच पुढचा रस्ता धरला होता. "बापू?" ते म्हणाले. "एक बापू पुरे. मी ह्यांका जावय म्हणतलंय." तेव्हापासून ते मला नुसतं 'जावय' म्हणतात, पोस्टमनला पोस्टमन म्हणावं तसं. धाकट्या मामांनी मात्र त्याच दिवशी 'जावय' गाळून मला नुसतं 'बापू' केलं. आता गंमत अशी, की ते आपल्या थोरल्या भावालाही पोरवयापासून थट्टेने 'बापू'च म्हणत. त्यामुळे मी आचऱ्याला गेलो की धाकट्या मामांच्या एका हाकेला दोन माणसं वळून बघत आणि ते म्हणत, "तुमका नाय ओ, त्या चष्म्यावाल्या बापूक!"

दोघा भावांची घरं शेजारी शेजारी. मधे जांभ्या दगडांचा गडगा, म्हणजे दगडावर दगड रचून केलेलं कुंपण, आणि त्यात येण्याजाण्यापुरती मोकळी जागा ठेवून आडवे बांबू घातलेलं बेडं. त्या बेड्यातून दिवसभर वाट्या जात-येत. एकीकडची आमटी, दुसरीकडचं लोणचं.

एका मे महिन्यात धाकट्या मामांकडे कोल्हापूरचं एक गिऱ्हाईक आलं. अंगणात आंब्याच्या पेट्या बांधून तयार होत्या आणि पेट्यांवर 'देवगड हापूस' असं ठसठशीत लिहिलं होतं. ते काही फार मोठं पाप नव्हे. आचऱ्याचा हापूसही तोंडात घातल्यावर पत्ता विचारत नाही. पण गिऱ्हाइकाने शेजारच्या पडवीत सुंभ वळत बसलेल्या म्हाताऱ्याला सहज विचारलं, "काय आजोबा, आंबा देवगडचाच ना?" साऱ्या आचऱ्यात नेमकं यांनाच विचारलं. परक्या माणसाशी शुद्ध बोलायचं म्हणून मामा शुद्ध बोलले. "नाही हो, आमच्या आचऱ्याचा. आणि खालच्या थरात साधा रायवळ आहे."

गिऱ्हाईक हसलं, नमस्कार करून गाडीत बसलं आणि पुन्हा कधी आलं नाही. संध्याकाळी धाकट्या मामांनी बेड्याचे बांबू उपटले आणि मोकळ्या जागेत छातीइतके दगड रचले. शेवटचा दगड ठेवताना ते म्हणाले, "सत्य तुझा, गडगो माझो." त्यानंतर अकरा वर्षं ते भावाशी बोलले नाहीत.

मामांनी यावर जे केलं त्याला ते सत्याग्रह म्हणत आणि मामी हट्ट म्हणे. रोज सकाळी सात वाजता गडग्याच्या आपल्या बाजूला पाट टाकून ते सुंभ वळत बसत आणि पलीकडे ऐकू जाईल अशा बेताने, मौनाचा सोमवार वगळून, एकदाच विचारत, "रे, न्ह्यारी झाली?" उत्तर येत नसे. तासाभराने पाट उचलून आत येत. पाऊस असला तर डोक्यावर इरलं. अकरा वर्षं. आपण दगड काढून टाकू असं घरातलं प्रत्येक जण म्हणून चुकलं. त्यावर त्यांचं एकच उत्तर: "ज्यान घातले तेणाच काढूक व्हये."

पुढे पुढे मामांचे कान गेले. आधी डावा, मग उजवाही कुरकुरू लागला. तसा त्यांचा पाट गडग्याला चिकटला आणि ते उजवा कान दगडांकडे करून बसू लागले. मी एकदा चेष्टेने विचारलं, "मामा, दगड काय म्हणतात?" ते हसले नाहीत. "जावय," म्हणाले, "तेणा हाक मारल्यान आणि माका आयकाकच नाय इली तर?"

हे ऐकून माझ्या आत काहीतरी पेटलं. मी आयुष्यात फारसं काही केलेलं नाही. जामसंड्याच्या शाळेत कारकून आहे आणि माझ्या हातून घडलेली सर्वांत धाडसी गोष्ट म्हणजे मुख्याध्यापकांच्या रजेत त्यांच्या पंख्याखाली बसणं. पण दुसऱ्या दिवशी मामा किनाऱ्यावर फिरायला गेलेले पाहून मी गडग्याशी गेलो आणि वरच्या दोन थरांचे दगड काढून ठेवले. माझा हिशेब असा, की वाट दिसली की माणूस येतो. मामा परतले. त्यांनी गडगा पाहिला, माझे मातीने भरलेले हात पाहिले, आणि पडवीत बसून शांतपणे उपास जाहीर केला.

"माझ्यावर?" मी घाबरून विचारलं.

"तुमच्यार कित्या? माझ्यार. घरच्यान केल्यान म्हणजे मियाच केलंय. दगड परत बसले की जेवान."

"पण मामा, भल्यासाठीच केलं ना?"

"राग तेचो आसा, जावय. दुसऱ्यान उतरवलेलो राग परत चढता."

मीही प्रायश्चित्त म्हणून उपास धरला. तो साडेदहापर्यंत टिकला. मग मामी बाहेर आली. "ह्येंची गोळी जेवल्याबगर घेवक गावणा नाय," ती म्हणाली. "तुमचा प्रायचित्त ऱ्हवांदे. दगड घाला आधी!"

मेमधलं अकराचं ऊन. गडगा घालणं मला सोपं वाटत होतं, कारण मी तो काढला होता. प्रत्यक्षात सिमेंट नाही, चुना नाही, नुसता दगड दगडाला धरून राहतो आणि कुठला कुणाला धरतो हे त्यांनाच माहीत. मी एक ठेवला, तो घरंगळला. दुसरा ठेवला, त्याने पहिल्याला सोबत नेलं. पलीकडच्या पडवीत धाकटे मामा आमसुलांसाठी रतांबे फोडत बसले होते आणि मान खाली घालून सगळं पाहत होते. तिसऱ्यांदा दगड माझ्या पायावर येता येता राहिला, तशी त्यांची सुरी थांबली. चुकीचा घातलेला गडगा कोकणी माणसाला बघवत नाही, वैर त्यानंतर.

"ओ बापू!" ते ओरडले. "तो दगड उलटो करा! पोट भायर इला तेचा!"

मी आधी स्वतःचं पोट आत घेतलं आणि मग 'हो' म्हणायला तोंड उघडलं. तेवढ्यात माझ्या पाठीमागून आवाज आला.

"ओ!"

मामा पाटावरून उठले होते. काठी तिथेच राहिली होती. "ओ रे! इलंय!"

'तुका नाय, जावयाक' एवढंच धाकट्या मामांनी म्हणायचं होतं. ते खरंही होतं. 'मामा, हाक मला होती' एवढंच मी म्हणायचं होतं, तेही खरं होतं. मी हातातला दगड पोटाशी धरून उभा राहिलो. धाकट्या मामांच्या बोटांवरून रतांब्याचा लाल रस मनगटापर्यंत ओघळला, तरी त्यांनी तो पुसला नाही.

मग म्हणाले, "बापू, हो तुझो जावय गडगो घालता काय घावणे?"

"तेका येणा नाय रे," मामा म्हणाले. "तू दाखय."

धाकटे मामा आले. त्यांनी माझा दगड काढला, मग त्याच्या खालचा. "खालचोच चुकलो आसा," म्हणाले. वास्तविक खालचा त्यांनी स्वतःच अकरा वर्षांपूर्वी बसवलेला. मग त्याच्याही खालचा काढला. एकेक करत सगळे दगड बाजूला झाले, जमीन लागली आणि डोक्यावर ऊन आलं. पाठ सरळ करत ते म्हणाले, "आता जेवान येतंय. दुपारी घालतंय."

त्यानंतर तिसरा मे उलटला. ती दुपार अजून झालेली नाही.

मला मात्र एक गोष्ट खात राहिली. आयुष्यभर खऱ्यासाठी हापूसच्या पेट्यांवर पाणी सोडणारा हा माणूस एका गैरसमजावर सुखात आहे, आणि तो गैरसमज माझ्या पोटात आहे. यंदा मे महिन्यात पडवीत आम्ही दोघंच होतो. मी धीर करून, त्यांच्या उजव्या कानाशी वाकून म्हणालो, "मामा, त्या दिवशीची ती हाक..."

"तुमका होती," मामा म्हणाले. सुंभ वळायचे थांबले नाहीत. "तितको बरो होतो कान तेवा."

"मग ओ का दिलीत? आणि सत्याचं काय?"

त्यांनी पेड संपवला, गाठ मारली, नव्या काथ्याचा झुबका घेतला. "अकरा वर्सां ओ तोंडात धरून बसलंलंय, जावय. हाक तुमची होती. पण ओ माझी खरीच होती मा?" आणि थोड्या वेळाने, जरा ओशाळून, "बापूंनी काय म्हटला असता, कोणाक ठावक. तां पान शेळयेन खाल्ल्यान."

आता मामांचा उजवा कानही जवळजवळ गेला आहे. हात कापतात, त्यामुळे सुंभ सैल येतो. पुतणीच्या लग्नात दिलेल्या भेंडोळ्याने साधी बादलीही बांधली गेली नसती. मी आचऱ्याला असलो की सकाळी सातला चहा घेऊन पडवीत बसतो. बेड्यातून धाकटे मामा येतात, हातात वाटी असते, आणि तिथूनच हाक मारतात, "बापू, न्ह्यारी झाली?"

पाटावर मामा सुंभ वळत असतात. मान वर होत नाही. सवयीने माझ्या तोंडात ओ येते आणि मी ती चहाबरोबर गिळतो. दुसरी हाक येते. आत मामी भांडं वाजवायची थांबते. खांद्याला हात लावून सांगायला कोणी उठत नाही. धाकटे मामाही पुढे पाऊल टाकत नाहीत. ते तिथेच वाटी धरून उभे राहतात आणि जरा मोठ्याने तिसरी हाक मारतात.

मग चष्मा वर होतो. तोवर आम्ही सगळे गप्प असतो.